सावलीचे लिराभाऊ

इटलीच्या लिऱ्याची काळजी खुद्द इटलीच्या सरकारपेक्षा जास्त कोणी वाहिली असेल, तर ती सावली गावात राहणाऱ्या माझ्या घरमालकीणबाईंच्या थोरल्या भावाने. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला मी तिथल्या शाळेत इतिहासाचा मास्तर म्हणून रुजू झालो आणि बाईंची पुढची खोली भाड्याने घेतली. पहिल्याच सकाळी अंगणातल्या खाटेवरून एका पांढऱ्या मिशीच्या गृहस्थांनी मला हाक मारली. "मास्तर, लिरा मालूम आहे का तुमाले?" म्हटलं, "हो, इटलीचं चलन." "अन् त्याचा इतिहास?" मी घड्याळाकडे पाहिलं. "मंग कायचे इतिहासाचे मास्तर तुमी?" असं म्हणून त्यांनी मला खाटेवर बसवलं, आणि शाळेची घंटा झाली तेव्हा आम्ही लिऱ्याच्या जन्मापासून जेमतेम दोनशे वर्षं पुढे आलो होतो.

दुसऱ्या महायुद्धात भाऊ फौजेत ट्रक ड्रायव्हर होते आणि दीड वर्ष इटलीत होते. तिथून सगळ्यांनी घड्याळं आणली, भाऊंनी शंभर लिऱ्यांची एक नोट आणि लिऱ्याचा समग्र इतिहास आणला. सावलीत त्यातून सुटका कोणाचीच नव्हती. किराणावाल्याने चिल्लर नाही म्हणून हातावर गोळ्या ठेवल्या, की भाऊ खूश होत. "इटलीतबी असंच झालं! पेपरात होतं. तिथीबी दुकानदार गोळ्याच देत." मागची गिऱ्हाईकं ताटकळत. लिरा म्हणजे आधी नाणं नव्हतंच, चांदीचं नुसतं वजन होतं, हे त्यांनी बाजारात धानाच्या व्यापाऱ्याला त्याच्याच तराजूत आपली चप्पल टाकून समजावलं होतं. इटली एक झाली तेव्हा जुन्या राज्यांची नाणी जाऊन सगळीकडे लिरा आला, हे सांगताना ते म्हणत, "आपल्या राजुऱ्याले नाई का निजामाचा सिक्का चाले, अन् नदी ओलांडली का इंग्रजाचा रुपया? तसंच." हे उदाहरण मी पुढे पंचवीस वर्षं वर्गात वापरलं. वाचनालयात शिळ्या पेपरातला लिऱ्याचा भाव बघून आले, की त्यांचा चेहराच सांगे. पडला असेल तर बाई वाढायला उठत नसत. "आज भाऊ जेवत नाई," एवढंच म्हणत. तब्येत विचारली तर उत्तर ठरलेलं, "लिऱ्यासारखी. आकडा मोठा, जोर कमी."

एकदा शाळेत गावकऱ्यांसमोर बचतीवर बोलायला नागपूरचे एक साहेब आले. निरनिराळ्या देशांच्या नोटांबद्दल ते बोलू लागले, तेव्हा भाऊ मागून उठले आणि आपली नोट घेऊन थेट मंचावर गेले. साहेबांनी ती उलटसुलट पाहिली आणि हसले. "काका, इटलीच्या नोटेवर सगळं इंग्रजी कसं? कोणीतरी फसवलंय तुम्हाला." सभागृह हसलं. मीही हसलो, हे कबूल केलं पाहिजे. भाऊ नोटेची घडी करून, ती खिशात घालून निघून गेले. दुसऱ्या दिवसापासून चौकातली पोरं "नकली लिरा" म्हणून ओरडू लागली. चाळीस वर्षांपूर्वीची फौजही खोटी असणार, असं मोठी माणसंही बोलू लागली. खाट अंगणातून आत गेली.

पंधरा दिवसांनी मला कळलं की राजुऱ्याकडच्या एका कारखान्यात यंत्रं बसवायला इटलीचा इंजिनिअर आलाय. मी भाऊंना सांगितलं. ते जुना कोट चढवून तयारच झाले. तीन एस.टी. बदलून आम्ही पोचलो. फाटकावर तो गोरा माणूस बाहेर आला आणि भाऊंनी खाडकन सलाम ठोकून इटालियन बोलायला सुरुवात केली. त्या इटालियनला आमच्या झाडीपट्टीच्या बोलीचा असा हेल होता, की इंजिनिअर आधी दचकला, मग पोट धरून हसला, आणि मग नोट पाहून एकदम थांबला. मोडक्या इंग्रजीत त्याने मला सांगितलं, "या नोटा युद्धात दोस्त राष्ट्रांच्या फौजेने आणल्या. छापल्या अमेरिकेत, म्हणून इंग्रजी. माझी आई याच नोटा देऊन पीठ आणायची." मी ते भाऊंना मराठीत सांगितलं. "मले मालूम आहे," ते म्हणाले. "त्या साहेबाले सांगा." इंजिनिअरने कागदावर सगळं लिहून खाली सही केली. पुढच्या आठवड्यात मी तो कागद शाळेत सगळ्यांसमोर वाचला. आपण हसलो होतो हेही सांगितलं. खाट अंगणात परत आली.

पण मला आठवतो तो परतीचा प्रवास. मूल गावाच्या पुढे गाडी रिकामी झाली होती. मी विचारलं, "भाऊ, लिऱ्याचंच एवढं वेड काऊन?"

त्यांनी खिशातून नोट काढून मांडीवर पसरली. "इटलीत एक पूल उडाला होता. महिनाभर आमचे ट्रक एका गावात अडकले. तिथी एक म्हातारा मास्तर होता. लढाईत त्याची सारी जमा लिऱ्यासंगं पाण्यात गेली होती. त्यानं मले घरात नेलं, खुर्ची देल्ली, सूप देल्लं. अन् रोज संध्याकाळी जुनी नाणी मांडून शिकवे. थोडं इंग्रजी, थोडे इशारे." त्यांनी नोट परत खिशात ठेवली. "मी शाळेत गेलो होतो, मास्तर. पण व्हरांड्यात बसून. आमाले आत घेत नव्हते. घरात, टेबलापाशी बसवून मले कोणी पहिल्यांदा काही शिकवलं, तर ते हे लिऱ्याचं. त्यानं दुसरं काही शिकवलं असतं, तर मी तेच पाठ केलं असतं."

ते मग नेहमीच्या आवाजात लिऱ्यावरची तीन शून्यं उडवायच्या बातमीवर बोलू लागले आणि सावली येईपर्यंत थांबले नाहीत.

भाऊंना जाऊन आता बरीच वर्षं झाली. लिऱ्याचा सगळा इतिहास मला अजून तोंडपाठ आहे. त्या म्हाताऱ्या मास्तरचं नाव तेवढं मी कधी विचारलंच नाही.