समोरच्या दारातला नट

जिन्यात पावलं वाजली की सिक्स्टन ब्रुलुंड रोज सकाळी आपलं दार उघडायचा. बाकीची इमारत नेमकी उलट वागे. आधी दाराला कान लावायचा, जिना मोकळा झाला की मगच बाहेर पडायचं, म्हणजे कुणाशी बोलावं लागत नाही. सोल्ना शहरात सभ्य माणसं अशीच राहत. समोरच्या योर्डिसबाईंना म्हणूनच तो पहिल्या दिवसापासून खटकला.

तो सिनेमात नट होता. बावीस चित्रपट, पोलीस, वेटर, पाद्री, आणि वाट्याला एखादं वाक्य. "हे सामान कुणाचं?" असं पडद्यावर त्यानं इतक्यांदा विचारलं होतं, की एक दिवस तो जिन्यातही विचारील, अशी बाईंना धास्ती होती. बाईंच्या पिशवीत लपवण्यासारखं होतंही. युद्धामुळे लोणी कुपनावर मिळे; बाई दर मंगळवारी बहिणीच्या शेतावरून ते चोरून आणत. त्यांचं कोपऱ्यावरचं कॉफीघर त्यावरच तगलं होतं. कुणी कळवलं असतं, तर परवाना गेलाच.

"जड आहे का हो, बाई?"

"बटाटे आहेत."

"बरे मंगळवारीच संपतात तुमचे बटाटे!"

हसायचा, आणि त्या कुलूप उघडेपर्यंत बघत राहायचा.

हिवाळ्यात त्याचा नवा चित्रपट लागला. बाई मुद्दाम गेल्या. तो त्यात चोरटा माल नेणारा होता. चार मिनिटं, शब्द एकही नाही, नुसतं चालणं. डावा खांदा किंचित वर, ओझं नसल्यासारखी सैल बोटं, आणि समोरच्यानं पाहण्याआधीच घाईघाईनं केलेलं अभिवादन. पडद्यावर बाईच चालत होत्या.

वर्तमानपत्रात त्याच्याबद्दल पहिल्यांदाच एक ओळ छापून आली. पुढच्या मंगळवारी पोस्टमन एवाल्डनं त्याला जिन्यात गाठलं. बाई पिशवी घेऊन चार पायऱ्या खाली.

"ही चाल मी कुठंतरी पाहिलीय लेका! कुणाची उचललीस?"

सिक्स्टननं खाली पाहिलंसुद्धा नाही. "आईची. गुडघा दुखायचा तिचा."

"छट्! ती पक्क्या चोराची चाल आहे."

"आईला कळवतो तसं."

त्या संध्याकाळी बाईंनी लोण्याचा एक पुडा त्याच्या दाराशी ठेवला. सकाळी तो न उघडलेला त्यांच्याच दाराच्या मुठीला टांगलेला. परत का केला? पुरावा नको म्हणून, की पुढं काही मोठं मागायचं म्हणून?

अकरा वर्षं त्यानं काहीच मागितलं नाही. कुपनं बंद झाली, तो पडद्यावर पुन्हा वेटर झाला. बाईंचा संशय मात्र हटला नाही. फुकट गप्प बसणारा माणूस त्यांनी पाहिला नव्हता.

मार्चमध्ये त्याला दवाखान्यात न्यायला गाडी आली. दोघांच्या आधारानं तो उतरत होता. बाईंनी वाट अडवली.

"खरं सांगा, तुम्हाला माझ्याकडून हवं तरी काय होतं?"

तो कठड्याला टेकून थांबला, दम खाल्ला.

"स्वयंपाकघराची खिडकी उघडी राहिलीय बहुतेक. तेवढी लावाल का?"