आईला आलेला संत्र्याच्या फुलांचा वास

मी सौंसरच्या एका शाळेत विज्ञान शिकवतो. स्टाफरूममध्ये कुणी चमत्काराच्या गोष्टी सुरू केल्या की मी उठून बाहेर जायचो... त्यामुळे हे लिहिताना माझं मलाच अवघडल्यासारखं होतंय. पण झालं ते असं झालं.

मोहगावजवळ आमचा संत्र्याचा बगीचा आहे, घरून मोटरसायकलने वीसेक मिनिटं. आईबाबांनी हातानं लावलेली झाडं. बाबा गेले, झाडंही थकली. दोन वर्षं एक फूल नाही. शेवटी मी ती तोडून कपाशी लावायचं ठरवलं. आईचं जेवण कमी झालं.

तोडणीचा दिवस फेब्रुवारीतला रविवार होता. सकाळी आई अंगणात तांदूळ निवडत होती. काही वर्षांपूर्वीच्या एका तापानंतर तिला वास येणंच बंद झालं होतं — हिंग नाही, रॉकेल नाही, काहीच नाही. तिनं एकदम सूप खाली ठेवलं.

"बाबू, आपला बगीचा फुलून राहिला. विहिरीजवळची ओळ. वास येऊन राहिला मले."

मी आणि बायको, दोघांनी वास घेऊन पाहिला. काही नाही. पंधरा दिवसांपूर्वी मी स्वतः बगीच्यात जाऊन आलो होतो, तेव्हा कळीही नव्हती. हे सांगेपर्यंत आई चपला घालून मोटरसायकलपाशी उभी!

पोचलो तर रस्त्याकडची दोन झाडं आडवी झालेली. मी घाईघाईनं काम थांबवलं. आई थेट विहिरीकडे गेली, मागे मी... आणि तीच ओळ पांढरीशुभ्र फुललेली! बाकी बगीच्यात फूल नाही, इथे मधमाश्यांची नुसती झुंबड. तोडणाऱ्यांचा मुकादमही बघत उभा राहिला. म्हणाला, हे झाडं तोडायला दुसरा माणूस पाहा.

आई हसत होती, डोळे पुसत होती. मी एक फूल तिच्या नाकाशी धरलं. तिनं मोठा श्वास घेतला, मान हलवली. वास येत नव्हता! ती आणखीच हसायला लागली.

त्यानंतर आजवर तिला कसलाच वास आलेला नाही. बगीचा मात्र उभा आहे, आणि आता फळतोही. पाण्याचा ताण पडला की झाड फुलतं, हे मी वर्गात समजावू शकतो. पण घरी बसून तिला नेमकी ओळ कशी कळली? मी अजून विचारतो, आणि ती दरवेळी तेच म्हणते, "माहे झाडं हायेत. मले नाही सांगतीन तं कोनाले सांगतीन?"

याहून बरं उत्तर मला सापडलेलं नाही.