रिकाम्या खुर्च्यांची ग्रामसभा

कॉलेजात सरांनी अध्यक्षीय आणि संसदीय पद्धत शिकवली, तेव्हा मला आमची ग्रामपंचायतच आठवली. गाव गगनबावड्याच्या वाटेवर. कॉलेजपर्यंत पोचलेला घरातला मी पहिलाच, त्यामुळं कदाचित चुकत असेन. पूर्वी सदस्य आपल्यातनंच सरपंच निवडायचे. अविश्वास ठरावाआधी त्यांना गाडीत घालून कोकणात नेऊन ठेवायचे, सभेत आरडाओरडा व्हायचा. मग थेट निवडणूक आली. लोकांनीच निवडल्यावर सरपंचांना सदस्यांची मनधरणी करायची गरज उरली नाही. आरडाओरडा थांबला. सगळ्यांना बरं वाटलं. मलाही.

आई सदस्य आहे. आम्ही ज्या झऱ्याचं पाणी पितो, तो रिसॉर्टला द्यायचा विषय निघाला, तेव्हा ती म्हणाली, "सभेत न्हाय म्हणणार की मी. आमी काय प्यायचं?"

सभेच्या आदल्या दिवशी पंचायतीचे शिपाईमामा वही घेऊन घरोघर फिरतात. "कर गं सही, उद्या गर्दी हुत्या." आईनं पिठाचा हात पुसून सही केली. हजेरीच असेल, असं आम्ही धरून चाललो.

दुसऱ्या दिवशी अकराला आई आणि मी गेलो. धुकं हॉलच्या खिडक्यांपर्यंत आलेलं. खुर्च्या ओळीनं मांडलेल्या, माणूस एकही नाही. सरपंचांच्या खुर्चीवर नुसता टॉवेल. ग्रामसेवक भाऊसाहेब एकटेच माईकवर वाचत होते. प्रत्येक विषयानंतर थांबायचे, माणसं बोलायला घेतील तेवढा वेळ. मान हलवायचे. मग, "सर्वानुमते मंजूर."

झऱ्याचा विषय आला. सूचक म्हणून त्यांनी आईचं नाव वाचलं.

आई खुर्च्यांकडं बघायला लागली, आपण आधीच तिथं कुठं बसलोय का, ते शोधत असल्यासारखी.

"भाऊसाहेब, मी कवा म्हटलं आसं?"

"सही हाय की वैनी तुमची."

"मी न्हाय म्हणतीय. लिवा."

"आता कुठं लिवू? पान भरलंय."

आईनं वही ओढली. स्वतःच्या नावावर रेघ मारली आणि शेजारी लिहिलं, 'विरोध'.

भाऊसाहेब रागावले नाहीत. "मग सूचक कोण?" त्यांनी विचारलं, तेही आमच्याकडं न बघता. मागच्या ओळीत कुणीतरी हात वर केल्यागत त्यांनी मान हलवली आणि दुसरं नाव लिहायला घेतलं.

आई घरी निघाली नाही. ती मागच्या ओळीपर्यंत चालत गेली आणि एकेक खुर्ची दुमडायला लागली.