काळ थांबला आणि बिबड्या वाळल्या

बिबडी, म्हणजे आमच्याकडचा ज्वारीचा पापड, भाजल्याचा वास आला की मला आमची पिंप्राळ्याची गच्ची आठवते. बऱ्याच वर्षांपूर्वी एका उन्हाळ्यात नातवंडांनी तिथे जादूची आणि काळविद्येची अकादमी काढली होती. पाण्याची टाकी म्हणजे काळाचा बुरूज, आणि मंत्र टाकून ज्याचा काळ थांबवला त्याने मुळीच हलायचं नाही. धाकट्या नातीला बरंच रडल्यावर त्या दिवशीच प्रवेश मिळाला होता. मी वाळत घातलेल्या ज्वारीच्या बिबड्या उलटायला वर गेले, तर बाकीची पोरं कुल्फीवाल्याकडे पळालेली आणि ही एकटी हात वर करून घामाघूम उभी, शेजारी कावळा खुशाल बिबड्या खातोय. “अगं, हाकल ना त्याला!” मी ओरडले. ती ओठ न हलवता म्हणाली, “आजी, माझा काळ थांबलाय. हलले तर नाव काढून टाकतील.” म्हटलं, “मी सोडवते. मीच की या अकादमीच्या मोठ्या बाई.” “तू तर नुसती आजी!” “बरं, मग या बिबड्या किती दिवसांत वाळतील ते कोण सांगतं? काळाचा हिशेब चुकलाय का माझा कधी?” तिने जरा विचार केला, हात खाली घेतला आणि आधी कावळ्यामागे धावली. परवा ती कॉलेजसाठी धुळ्याला, देवपूरला राहायला गेली. रिक्षात बसता बसता तिने माझ्यावर हात रोखून तोच मंत्र टाकला, आणि मी फाटकात उभीच राहिले. शेजारीण विचारते, “काय व्हयनं अक्का, बोलत काबर नही?” कशी बोलणार? या वयात अकादमीतून नाव काढून टाकलं असतं, तर पुन्हा कोण घेणार होतं मला!