थेंब न गळणारं चर्च

त्या बेटावर घरं बांधणारा कोणी नव्हता, होड्या बांधणारे होते. गवंडी पलीकडच्या किनाऱ्यावरून आणावा लागे, आणि तो निम्मी वाट ओकत यायचा. म्हणून लाकडाचं चर्च बांधायचं ठरलं तेव्हा काम होड्यांना डांबर लावणाऱ्या डांबऱ्याच्या पणजोबांकडे आलं. पणजोबांना एकच गोष्ट येत होती. त्यांनी होडी बांधली आणि छप्पर म्हणून उलटी ठेवली. खाली फळ्यांच्या भिंती, पुढे एक दार, बाजूंना न उघडणाऱ्या काचा. होडीला उघडी खिडकी कोण ठेवतो?

काम पुरं झाल्यावर त्यांनी आत जमिनीवर कोरडं पीठ पसरलं आणि छपरावर बादल्यांवर बादल्या ओतायला लावल्या. पिठात एक खळगा पडला नाही. मग म्हणाले, "आता देवाला बोलवा."

तेव्हापासून दरवर्षी त्या घरातला एकजण चर्चच्या फटी भरतो. डांबऱ्या मिसरूड फुटायच्या आधीपासून भरत होता. जुना कापूस उकरायचा, नवी वात वळायची, बोथट छिन्नीने फटीत बसवायची, वर गरम डांबर. वात सैल राहिली तर पाणी शिरतं, जास्त ठोकली तर फळी सरकते. ते हाताला कळावं लागतं. मान आणि गुडघे कामातून जातात, ते आपोआप कळतं.

चर्चची आणखी एक ख्याती होती. प्रवचन सुरू झालं की सगळं बेट झोपायचं. "आठवडाभर समुद्रावर जागायचं, मग बापाच्या घरी नाही झोपायचं तर कुठे?" असं नावेवाला म्हणायचा. फादर यायचे आणि खट्टू होऊन जायचे. एक तेवढे टिकले. ते स्वतःच प्रवचनाच्या मधे डुलकी घ्यायचे.

नवे फादर तरुण होते, मन लावून तयारी करायचे. एका रविवारी बोलता बोलता ते थांबले. कोणाला पत्ता नाही. त्यांनी पुस्तक आपटलं. नावेवाला दचकून उभा राहिला आणि ओरडला, "आमेन! कोण गेलं?"

मिस्साची प्रार्थना झाल्यावर फादर डांबऱ्याला म्हणाले, "दादा, मी बदली मागतोय. माझ्या बोलण्यातच दम नाही."

"दुसरे येतील ना?"

"आता कोणी यायला तयार नाही. बिशपसाहेब म्हणालेत, मी गेलो की चर्चला कुलूप."

डांबऱ्याने घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. बंद चर्चच्या फटी कोण भरू देणार? चार पावसांत फळ्या कुजतील.

"छान बोलतात की फादर," बायको म्हणाली.

"तुला काय माहीत?"

"मी जागी असते."

"तू? मी बोलायला लागलो की घोरतेस!"

"तुम्ही रंध्याबद्दल बोलता. अहो, मी उशिरा येते, दारापाशी बसते. कुलपाच्या भोकातून पाठीवर वारा येतो. तुमच्या बाकावर बसले की माझेही डोळे मिटतात. दार लागलं की मेणबत्त्यासुद्धा मान टाकतात, बघितलंत कधी? बरणीत घालून वर झाकण आवळलंय तुम्ही माणसांना."

"आमच्या चार पिढ्यांनी भरलंय ते!"

"तेच म्हणतेय मी."

दोन दिवस तो बायकोशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी गिरमिट घेऊन शिडी चढला. पण जन्मभर भोकं बुजवलेला हात भोक पाडायला तयार होईना. गिरमिट लाकडावर नुसतं घसरत होतं.

खालून फादरनी विचारलं, "दादा, काय चाललंय?"

"तुमचं प्रवचन दुरुस्त करतोय," डांबऱ्या म्हणाला आणि दात आवळून जोर दिला. दोन्ही टोकांना आढ्याखाली त्याने भोकं पाडली, प्रत्येकावर पापणीसारखी उतरती फळी बसवली आणि घरी गेला.

रविवारी फादरनी वर पाहिलं तर समोर सगळे डोळे उघडे. ते इतके गांगरले की काय बोलायचं तेच विसरले. आठवल्यावर मात्र थांबेनात.

बाहेर नावेवाल्याने डांबऱ्याचा दंड धरला. "मेल्या, काय करून ठेवलंस? शेजाऱ्याच्या जाळ्यातला मासा उचलू नये, हे माझ्याकडे बघून म्हणाले ते!"

"उचललास का?"

"तो प्रश्न नाहीये!"

फादरनी बदलीचा अर्ज मागे घेतला. पहिल्या आडव्या पावसात मात्र पापणीखालून थेंब आत आला आणि पुढच्या बाकावर पडला. डांबऱ्याने तो पडताना पाहिला आणि त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"पावसापुरतं बुजवा की," बायको कुजबुजली.

"पावसातही दार बंदच असतं. मग पुन्हा झोपतील."

आपली गळती चारचौघांत दिसू नये म्हणून तो उठला आणि बरोबर थेंबाखाली जाऊन बसला. तेव्हापासून पावसात तो तिथेच बसतो. पाणी टाळूवरून गालावर येतं, तो ते गुपचूप पुसतो.

वेदीवरून फादर ते पाहतात. एवढा दगडासारखा माणूस, पण आपल्या शब्दांनी त्याला रडू फुटतं, म्हणून दर पावसात ते प्रवचन थोडं लांबवतात.