सोनाजीची आरोळी

आमच्या हिंगोलीत अजूनही कुणी मोठ्यानं बोललं की म्हातारी माणसं म्हणतात, "सोनाजी झालास का रे?" आणि हसतात. मला त्या हसण्याचा राग येतो. ज्यांना सोनाजी कोण होता हे ठाऊक नाही त्यांनी हसावं, पण हे हसणारे त्या दिवशी रस्त्यावर उभे होते. म्हणून हे लिहितो आहे.

सोनाजी सेनगावकडचा धनगर. एका साली रोग आला आणि त्याची मेंढरं पटापट मेली. उरलीसुरली विकून तो बायको भागाबाई आणि तान्हा मसाजी यांना घेऊन हिंगोलीत आला, बाजारात हळदीची पोती उचलू लागला. आमच्या गल्लीच्या टोकाला, कयाधूच्या काठाशी त्यानं खोपट घातलं. गडी अंगानं काटकुळा, पण आवाज असा की इकडून हाक मारली तर नदीपलीकडचा मळेवाला मोट थांबवून बघायचा. मेंढरांमागं रानोरान ओरडून कमावलेला आवाज होता तो.

त्या आवाजावर माणिकरावांची नजर पडली. माणिकरावांनी नुकतंच 'कयाधूतीर' हे दैनिक सुरू केलं होतं. दैनिक म्हणजे काय, मधोमध घडी घातलेला एक मोठा कागद. निजामाच्या राज्यात मराठी पत्र चालवायचं तर सरकारची मर्जी राखावी लागे, आणि मर्जी राखण्यात माणिकराव वाकबगार होते. त्यांनी नदीवर सोनाजीची हाक ऐकली आणि दुसऱ्या दिवशी त्याला छापखान्यात बोलावून घेतलं.

सोनाजीला अक्षर ओळखता येत नव्हतं. त्यावर माणिकरावांनी तोड काढली. रोज सकाळी ते अंकातली एक ओळ त्याला तोंडी सांगायचे, सोनाजी ती दोनदा म्हणून दाखवायचा आणि अंकांची झोळी खांद्यावर टाकून निघायचा. त्या ओळीला सगळे 'आजची आरोळी' म्हणत. गावातली निम्मी माणसं अंक विकतच घेत नसत, आरोळी ऐकूनच त्यांचं भागायचं.

आता सोनाजीची खोड सांगतो. दिलेली ओळ तो जशीच्या तशी कधी म्हणत नसे. तिच्यापुढं पदरचं काहीतरी जोडायचा. "कयाधूला पूर, दोन बैल वाहून गेले!" एवढीच ओळ मिळाली असेल तर हा पुढं ओरडायचा, "मालकाची बायको काठावर लोळून राहिली हो!" असली कुणी बायको नसायची. पण अंक खपायचे, त्यामुळे माणिकराव काही बोलत नसत.

तो साधाभोळा होता असं मी म्हणणार नाही. धुरपताबाईच्या पोरीनं विहीर जवळ केली तेव्हा छापून आलं होतं फक्त "तरुण स्त्रीचा बुडून मृत्यू." सोनाजीनं त्याला शेपूट लावलं, "पोटात कोनाचं होतं कोन जाने!" आणि हे तो धुरपताबाईच्या दारावरून ओरडत गेला. लोक खदखदून हसले. त्या बाईनं दार लावून घेतलं. सोनाजीच्या मनात वाईट नव्हतं, असं माझी आई म्हणायची. मनात नसेल, तोंडात होतं.

त्याला टोकणारं एकच माणूस होतं, त्याचा पोरगा. मसाजीला त्यानं हौसेनं शाळेत घातलं होतं. दिवे लागायच्या वेळी बाप न खपलेला एक अंक घरी आणायचा आणि पोरगं तो त्याला वाचून दाखवायचं. आपण दिवसभर काय ओरडलो ते सोनाजीला तेव्हा कळायचं.

"बा, हे छापेल न्हाई," मसाजी म्हणायचा. "छापलं न्हाई ते काहून म्हनता तुमी?"

"त्याबिगर लोक थांबतेत का?"

"न थांबू देत. एखाद्या दिवशी लई वंगाळ होईल."

बाप हसून त्याच्या डोक्यावर टपली मारायचा. पोरगं वाचतंय आणि आपण ऐकतोय, यापेक्षा मोठं सुख त्याला माहीत नव्हतं. माझी आई त्यांच्या दाराशी बसून शेंगा सोलता सोलता हे ऐकायची आणि पुढं कितीदा आम्हाला सांगायची.

इंग्रज गेले त्या वर्षी निजामाच्या राज्यात उलटंच सुरू झालं. रझाकार गावातून बंदुका मिरवू लागले. मसाजी विशीत आला होता. एका पहाटे तो उठून पैनगंगेपलीकडं वऱ्हाडात गेला. तिथं निजामाविरुद्ध लढणाऱ्या पोरांची छावणी होती. ती पोरं रात्री-अपरात्री नदी उतरून सरहद्दीवरचे जकातीचे नाके जाळायची. सरकार त्यांना दरोडेखोर म्हणायचं आणि 'कयाधूतीर'मध्येही तसंच छापलं जायचं.

पोरगं गेलं आणि सोनाजीला वाचून दाखवणारं कुणी राहिलं नाही. आता जे काही कळायचं ते माणिकरावांच्या तोंडून. अंक उचलण्याआधी तो रोज विचारायचा, "मालक, आमच्या मसाजीचं काही आलं का?"

"काही नाही."

एवढ्यावर त्याचा दिवस निघायचा. छापून आलं नाही म्हणजे पोरगं जिवंत आहे, असा त्याचा हिशोब. घरी येऊन तो भागाबाईला सांगायचा, "न्हाई आलं. बराबर हाय पोरगं." मग ती चुलीला जाळ घालायची.

पुढच्या उन्हाळ्यात पैनगंगेच्या काठी एका नाक्यावर चकमक झाली. चार पोरं मारली गेली आणि तिथंच जाळून टाकली. त्यांत मसाजी होता. सरकारी बातमी छापखान्यात आली, खाली नावं होती, आणि त्यात स्वच्छ लिहिलेलं होतं: मसाजी वल्द सोनाजी, राहणार हिंगोली.

बातमीपाठोपाठ पोलिसांचे अमीनसाहेब स्वतः आले. तिथं जे बोलणं झालं ते छपाईच्या अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्या संतरामनं ऐकलं आणि पुष्कळ दिवसांनी आमच्या घरी सांगितलं. अमीन म्हणाले, "माणिकराव, तुम्हारे छापेखाने में बागी का बाप पल रहा है. अखबार बंद कर दूं क्या?"

माणिकरावांनी हात जोडले. म्हणाले, "साहेब, उद्याची आरोळी तोच देईल. बाप स्वतः गावभर देईल. मग तर झालं?"

अमीनांना ही कल्पना इतकी आवडली की त्यांनी चहा मागवला.

सकाळी सोनाजी आला. नेहमीप्रमाणे विचारलं, "मालक, आमच्या मसाजीचं काही आलं का?"

"काही नाही," माणिकराव म्हणाले. "आजची आरोळी ऐक. पैनगंगेकाठी चार दरोडेखोर ठार. नाका लुटायला आले होते."

सोनाजीनं ओळ दोनदा म्हणून दाखवली. खिळ्यांपाशी बसलेला संतराम मान खाली घालून राहिला. त्याला घरी चार लेकरं होती, एवढंच त्याच्या बाजूनं म्हणता येईल.

सोनाजी बाजारात पोचेपर्यंत ओळीला शेपूट लागलेलं होतं. "पैनगंगेकाठी चार दरोडेखोर ठार! नाका लुटायला आले होते! कुत्र्याच्या मौतीनं मेले हो मेले!"

पहिला अंक घेतला तो कापडवाल्या शेठजींनी. त्यांनी उभ्या उभ्या खालची नावं वाचली, सोनाजीच्या तोंडाकडं पाहिलं आणि अंक घडी करून बगलेत मारला. मग शाळेतले मास्तर, मग कचेरीतले कारकून. अर्ध्या घटकेत गावाला कळलं होतं. ज्याला सांगायला हवं होतं तेवढा सोडून सगळ्यांना कळलं होतं. चौकात अमीनांचे दोन शिपाई उभे होते, त्यामुळे लोक घाबरले होते हे खरं. पण घाबरलेला माणूस दार लावून घरात बसतो, माडीवरून वाकून बघत नाही. आमचं गाव वाकून बघत होतं. ज्यांनी आयुष्यात कधी अंक घेतला नव्हता त्यांनीही घेतला, कारण घ्यायला जवळ गेलं की तोंड नीट दिसायचं.

सोनाजीला वाटलं, आज आपला आवाज लागलाय. त्यानं तो आणखी वर चढवला. कुत्रं कसं मरतं हेही त्यानं मान टाकून करून दाखवलं. शिपाई हसले.

धुरपताबाई दारात उभी होती. ती म्हणाली, "वरड बाबा, मोठ्यानं वरड."

आमच्या घरी वडिलांनी अंक वाचला आणि भिंतीला डोकं टेकून बसले. आईनं विचारून घेतलं आणि पदर सावरत भागाबाईच्या खोपटात गेली. तिनं सांगितलं. भागाबाई रडली नाही. पीठ मळत होती, ते हात तसेच परातीत राहिले. तेवढ्यात लांबून आरोळी आली. आपल्या गल्लीत शिरताना सोनाजी मुद्दाम जोरात ओरडायचा, म्हणजे बायकोनं तवा ठेवावा.

"कुत्र्याच्या मौतीनं मेले हो मेले!"

आई त्याला अडवायला उठली. भागाबाईनं पिठाच्या हातानं तिचं मनगट धरलं. "येऊ द्या," ती म्हणाली.

सोनाजी आत आला, रिकामी झोळी तिच्यापुढं झटकली. "समदे खपले, भागा! एक अंक राहिला न्हाई. असं कवा झालंच न्हाई."

"काय म्हनून राहिला होतात तुमी?"

त्याला वाटलं ही कौतुकानं विचारते आहे. त्यानं सगळी आरोळी पुन्हा म्हटली, शेपटासकट.

"त्यात आपला मसाजी हाय," भागाबाई म्हणाली.

आई सांगायची की तो थोडा वेळ हसतच उभा राहिला, कारण चेहरा बदलायला त्याला वेळ लागला. मग त्यानं दोन्ही हात तोंडावर दाबले, एखाद्याचं तोंड दाबून धरावं तसे. झोळी तिथंच टाकून तो छापखान्याकडं पळाला.

माणिकराव जेवायला निघाले होते. सोनाजीनं त्यांचे पाय धरले की गळा धरला हे संतरामला नीट सांगता येईना. म्हणाला, त्याला स्वतःलाच काय धरायचं ते कळत नव्हतं. "मालक, तुमी मला काहून म्हनायला लावलं?"

माणिकरावांनी धोतर सोडवून घेतलं. "सोनाजी, मी दरोडेखोर ठार एवढंच सांगितलं होतं. कुत्र्याचं तुझं तू म्हणालास."

हे खोटं नव्हतं. म्हणूनच त्या माणसाला जन्मात कधी माफ करू नये असं मला वाटतं.

सोनाजी पुन्हा ओरडला नाही. ओरडणं सोडा, घरातसुद्धा तो खाणाखुणांनी पाणी मागायचा. छापखान्यानं ग्यानबा नावाचा नवा आरोळीवाला ठेवला.

पावसाळा सरता सरता हिंदुस्थानची फौज आली, निजामाचं राज्य संपलं, अमीनसाहेब पळाले. 'कयाधूतीर' एका दिवसात बदललं. दरोडेखोर होते ते हुतात्मे झाले. माणिकरावांनी मसाजीवर लांबलचक लेख लिहिला आणि त्यात एक वाक्य घातलं की त्या काळ्या दिवसांत प्रत्यक्ष पित्यानंही या वीराची भर बाजारात विटंबना केली. झालं. गावाला जे हवं होतं ते मिळालं. ज्यांनी अंक वाचून बगलेत मारले होते ते आता सोनाजीला पाहून थुंकू लागले. पोरं त्याच्यामागं "कुत्र्याची मौत, कुत्र्याची मौत" ओरडत नदीपर्यंत जायची. त्यानं एकाही पोराला दगड मारला नाही.

दिवाळीनंतर कयाधूच्या वाळवंटात मोठी सभा भरली. वीरमाता म्हणून भागाबाईला बोलावणं आलं. सोनाजीला निरोप आला की त्यानं येऊ नये, लोक खवळतील. माणिकरावांनी तिला लुगडं-चोळी दिली आणि दोन शब्द बोलायला सांगितलं. समोर वाळूवर सगळं गाव होतं, माझ्या आईच्या मांडीवर मी होतो.

भागाबाई उभी राहिली. लुगड्याची घडी तिनं खाली ठेवली. म्हणाली, "ह्येनला वाचता येत न्हाई. ह्येनी न वाचता म्हनलं. तुमी समद्यांनी वाचलं व्हतं."

आणि खाली बसली.

मग माणिकरावांनी टाळी वाजवली, आणि मग सगळ्या गावानं वाजवली. आईनं माझे हात घट्ट धरून ठेवले होते, नाहीतर मीही वाजवली असती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ग्यानबा आमच्या गल्लीत शिरला. "वीरमाता भागाबाईंनी मानले गावाचे आभार! वीरमाता भागाबाईंनी मानले गावाचे आभार!"

सोनाजी उंबऱ्यावर बसला होता. ग्यानबा जाईपर्यंत त्यानं कान देऊन ऐकलं. मग कितीतरी महिन्यांनी त्याच्या तोंडून शब्द निघाले, आवाज बारीक, बसलेला.

"तू असं म्हनली का, भागा?"

"न्हाई."

सोनाजीनं मान हलवली. "पन ग्यानबा बराबर वरडून राहिला," तो म्हणाला. "छापेल हाय तेवढंच म्हनते. पदरचं काही घालत न्हाई."