हात जोडायला मोकळे नव्हते

त्या वर्षी चैत्रात माझ्या मनात देवाला जागा नव्हती. हे लिहिताना आजही संकोच वाटतो, पण जे होतं ते तसंच सांगितलं पाहिजे. साठ सालानंतरची ती सुरुवातीची वर्षं. मुंबईहून डॉक्टर होऊन मी तलासरीच्या बाजूला एका लहानशा दवाखान्यात रुजू झाले होते. दोन खोल्या, एक ओसरी, मागे विहीर आणि कंपाउंडर छोटूभाई, एवढाच माझा संसार. वडील डहाणू रोडला शाळामास्तर असल्यामुळे मुलूख परका नव्हता. तरी त्या दिवसांत मला तिथे एक क्षणही राहवत नव्हतं.

कारण माघात एका गाडीवानाला माझ्याकडे आणलं होतं. उतारावर बैलगाडी उलटून तो खाली सापडला होता. पोटरी फाटली होती आणि रक्ताची धार लागली होती. मी रक्त थांबवलं, जखम धुतली, एकेक टाका इतका नीट घातला की माझं मलाच समाधान वाटलं. शेवटचा टाका घालून मान वर केली, तेव्हा तो माणूस संपत आला होता. पोटाच्या आत कुठेतरी रक्त साठत होतं आणि मी त्याच्या पोटाला हातसुद्धा लावला नव्हता. दिसणाऱ्या जखमेतच मी अडकून पडले होते. त्याची म्हातारी आई मला एका शब्दानं बोलली नाही. उलट जाताना माझ्या पायांवर डोकं ठेवून गेली. ते मला सोसलं नाही. संध्याकाळी देवापुढे दिवा लावणं मी तेव्हापासून सोडलं, आणि वैशाखात राजीनामा द्यायचा असं मनाशी पक्कं केलं.

चैत्री पौर्णिमेला विवळवेढ्याच्या महालक्ष्मीची यात्रा भरते आणि पुढे बरेच दिवस चालते. आई दरवर्षी न चुकता जायची. त्या वर्षी तिनं निरोप पाठवला, की देवीपुढे येऊन नुसती उभी राहा, काही मागू नकोस. मी उलट निरोप धाडला, की दवाखाना सोडून येता येणार नाही. ती सबब होती. यात्रेच्या दिवसांत दवाखान्यात कुत्रंही फिरकत नसे.

पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी नऊच्या सुमारास चार माणसं एक खाट उचलून धावत आली. खाटेवर लाडक्या नावाचा पंचविशीतला वारली तरुण होता. ताडी काढायला ताडावर चढला असताना पाय निसटून तो थेट खाली, डाव्या अंगावर पडला होता. डाव्या हाताचं हाड कातडी फोडून बाहेर आलं होतं, मांडी मधेच वाकडी झाली होती. ओसरीवर जमलेले सगळे त्या हाताकडे बघत होते. मीही हातच बघितला. छोटूभाईंना गरम पाणी आणायला सांगून मी जखम धुवायला घेतली.

लाडक्याची बायको सोनी खाटेच्या उशाशी बसली होती. ती रडत नव्हती. तिनं माझं मनगट धरलं आणि म्हणाली, "बाय, हात राहू दे. वाटेत हा मोठ्यानं वरडत होता. आता याचा आवाज बारीक झालाय."

इतकंच बोलली ती. हातातलं फडकं मी खाली ठेवलं आणि पहिल्यांदा त्या माणसाकडे, सबंध माणसाकडे बघितलं. ओठ काळसर पडले होते. मानेच्या शिरा फुगल्या होत्या. तपासायची नळी छातीला लावली तर उजवीकडे श्वास ऐकू येत होता, डावीकडे काहीच नाही. बोटानं ठोकलं तर पोकळ आवाज. बरगड्या मोडून फुप्फुस फाटलं होतं, आणि आत कोंडलेली हवा त्याला आतल्या आत गुदमरवत होती. काय करायचं ते मला पुस्तकातून पाठ होतं. छातीत सुई घालून ती हवा बाहेर काढायची. पण मी ते कधी केलं नव्हतं, आणि माझे हात लटलट कापत होते.

तेवढ्यात दारात कोणीतरी पाणी मागितलं. गाडी तापली आहे, विहिरीतून बादलीभर पाणी मिळेल का, असं एक पासष्टीचे गृहस्थ विचारत होते. धुळकट झालेला पांढरा सदरा, डोक्यावर टोपी. सुरतेहून मुंबईला निघाले होते, आणि आमच्या दवाखान्यासमोरच त्यांच्या मोटारीतून वाफ निघायला लागली होती. बोलता बोलता त्यांची नजर खाटेवर गेली आणि ते थांबले. मग आत येऊन हळू आवाजात म्हणाले, की मी सर्जन आहे, लष्करात होतो, आता निवृत्त झालो. तुमची परवानगी असेल तर बघतो.

मी सुई त्यांच्यापुढे धरली. त्यांनी ती घेतली नाही. माझं बोट धरून लाडक्याच्या छातीवर नेमक्या जागी टेकवलं आणि म्हणाले, "तुम्हीच घाला. तुम्हाला येतं."

मी घातली. सुस्स करून हवा बाहेर आली. दहा-बारा श्वासांत ओठांचा रंग पालटला आणि लाडक्यानं डोळे उघडून पाणी मागितलं. सोनी पहिल्यांदा हसली, आणि मग रडली. सर्जनसाहेबांनी सुईला रबरी नळी जोडून तिचं टोक पाण्याच्या बाटलीत बुडवलं. प्रत्येक उच्छ्वासाला बाटलीत बुडबुडे येऊ लागले.

मला वाटलं, जिंकलो आपण. पण त्यांचं बोट लाडक्याच्या नाडीवर होतं. श्वास सुधारला तरी नाडी धावतच होती, हातपाय गार पडत चालले होते, आणि डाव्या बरगड्यांखाली पोट कडक लागत होतं. आत प्लीहा फाटली असणार, ते म्हणाले, पोट उघडल्याशिवाय हा वाचणार नाही. शस्त्रक्रियेची सोय होती डहाणूला. त्यांच्या ड्रायव्हरनं तोवर पाणी भरलं होतं. आम्ही बांबूच्या कांबी लावून मांडी बांधली, हातावर स्वच्छ फडकं गुंडाळलं आणि लाडक्याला मोटारीच्या मागच्या लांबलचक सीटवर निजवलं. मी सीटखाली, पाय ठेवायच्या जागेत बसले. एका हातात बाटली, दुसरा हात त्याच्या नाडीवर. सोनी आणि सर्जनसाहेब पुढे ड्रायव्हरशेजारी दाटीनं बसले.

वाटेत ते मागे वळून माझ्याशी बोलत होते. मला धीर यावा म्हणूनच बोलत असावेत. ते शब्द मी जन्मभर जपले आहेत. म्हणाले, "पुस्तकात आपण हात, छाती, पोट अशी निरनिराळी प्रकरणं शिकतो. असा माणूस आला की ती सगळी एकदम उघडतात आणि एकमेकांना बिघडवतात. मांडीत रक्त गेलेलं असतं, म्हणून पोटातला रक्तस्राव सोसत नाही. छाती दबलेली असते, म्हणून उरलेल्या रक्ताला हवा पुरत नाही. ही चार दुखापतींची बेरीज नव्हे, हा एक वेगळाच आजार आहे. आधी श्वास, मग रक्त, मग डोकं. हाडं सगळ्यात जास्त आरडाओरडा करतात, म्हणून त्यांना शेवटी ठेवायचं."

मला माघातला गाडीवान आठवला. मी त्यांना ते सांगितलं. कोणालाच सांगितलं नव्हतं, आईलाही नाही. ते म्हणाले, की माझ्याही हातून असे गेले आहेत, एकापेक्षा जास्त. त्यांनीच मला हे शिकवलं.

विवळवेढं आलं आणि गाडी थांबली. रस्ता माणसांनी भरला होता. पाळणे, खेळण्यांची आणि मिठाईची दुकानं, टोपल्या घेतलेल्या बाया, ढोल, आणि सगळीकडे उन्हात उडणारी धूळ. ड्रायव्हरनं हॉर्न वाजवला तो ढोलांत बुडून गेला. माझ्या बोटांखाली नाडी बारीक होत चालली होती. डावीकडे झाडांच्या वर देवळाचं निशाण दिसत होतं. दोन महिन्यांनी पहिल्यांदा मला हात जोडावेसे वाटले, आणि हात मोकळे नव्हते. बाटली सोडली तर श्वास जाईल, नाडी सोडली तर काही कळणार नाही. मी निशाणाकडे बघितलं आणि मनात एवढंच म्हणाले, आई, माझ्या हातात होतं ते मी केलं, आता तू बघ. हे मागणं नव्हतं. आपल्याला न पेलणारं ओझं दुसऱ्याच्या खांद्यावर द्यावं, तसं होतं ते.

सोनी खिडकीतून अर्धी बाहेर वाकली आणि आपल्या बोलीत काहीतरी मोठ्यानं म्हणाली. मला शब्द नीट कळले नाहीत. पण जवळचा ढोल थांबला. मग त्यापुढचा थांबला, आणि त्यापुढचा. बघता बघता सगळा रस्ता गप्प झाला. दहा-बारा माणसं मोटारीपुढे धावत सुटली, गर्दी दोन्ही अंगांना सरकली आणि मधे मोकळा रस्ता दिसू लागला. त्या शांततेत मला बाटलीतल्या बुडबुड्यांचा आवाज स्पष्ट ऐकू येत होता. चारोटीपर्यंत आमच्यामागे पुन्हा सुरू झालेले ढोल ऐकू येत राहिले. मग आशागड मागे पडलं आणि आम्ही डहाणूला पोचलो.

तिथल्या डॉक्टरांनी प्रश्न न विचारता खोली मोकळी करून दिली. रक्त हवं होतं. तपासून जुळलं ते माझं आणि ड्रायव्हरचं. त्या भल्या माणसानं बाही वर करताना, साहेबांबरोबर राहून आता याचीही सवय झालीय, एवढंच म्हटलं. दोन तास सर्जनसाहेब त्या पोटावर झुकून होते. फाटलेली प्लीहा काढली, छातीत नीट नळी बसवली, आणि मग कुठे हाताकडे वळले. दुपार कलता कलता लाडक्याची नाडी सावकाश, भरीव लागू लागली. मी ओसरीवर येऊन सोनीला सांगितलं. तिनं माझे गाल दोन्ही हातांत धरले आणि कपाळाला कपाळ लावलं.

संध्याकाळी सर्जनसाहेबांना मी आईवडिलांच्या घरी जेवायला नेलं. यात्रेहून आलेल्या आईनं सगळं ऐकलं, त्यांच्या पानात भात वाढला आणि म्हणाली, की तुम्हाला देवीनंच पाठवलं. ते हसले. म्हणाले, "मला तर वाटलं, रेडिएटरनं पाठवलं." आईही हसली, पण तिनं आपलं म्हणणं मागे घेतलं नाही, आणि त्यांनीही पुन्हा खोडलं नाही. जेवून ते मुंबईला निघून गेले. मी त्यांना पुन्हा कधी पाहिलं नाही. दोघांपैकी कोणाचं खरं होतं, हा प्रश्न मी स्वतःलाही कधी विचारला नाही.

मांडीचं हाड जुळावं म्हणून पायाला वजन बांधून लाडक्या तीन महिने डहाणूच्या दवाखान्यात खाटेवर होता. त्या वॉर्डात इतकं हसणं त्याआधी कधी झालं नसेल. शेजारच्या खाटेवरच्या रेल्वेच्या फिटरला त्यानं वारली गाणी शिकवली, त्यानं याला गुजराती शिकवलं. दर रविवारी मी बसनं जायची, तेव्हा तो मला माझ्याच रक्ताचा हिशेब सांगायचा, की डाक्तरबाय, तुझं रक्त आत आहे, म्हणून मला हल्ली लोकांवर रागवावंसं वाटतं. ज्या दिवशी तो काठीशिवाय चालला, त्या दिवशी सोनी ओसरीच्या दुसऱ्या टोकाला उभी राहिली. फिटर, नर्सबाई, झाडूवाली, सगळे श्वास रोखून बघत होते. तो लंगडत, भिंतीला हात न लावता तिच्यापर्यंत पोचला, आणि म्हणाला, की एक पाय आखूड झाला ते बरंच झालं, नाचताना आता आपोआप ठेका पडेल. मग तिथेच त्यानं दोन पावलं नाचून दाखवली. नर्सबाई ओरडल्या. मी ओरडले नाही. मला टाळ्या वाजवण्यातून सवड नव्हती.

राजीनामा दिला नाही. पुढे तीस वर्षं त्याच भागात काढली. ताडावरून, घरावरून, ट्रकमधून पडलेली किती माणसं आली. काही वाचली, काही नाही वाचली. जी गेली त्यांचं दुःख कमी झालं असं नाही, पण त्या दुःखानं मला पुन्हा कधी देवापासून तोडलं नाही. सगळं आपल्या हातात आहे असं मानलं की हात कापतात. आपल्या हातात थोडंच आहे हे एकदा मनापासून कबूल केलं, की ते थोडं नीट करता येतं. मला शरणागतीचा एवढाच अर्थ कळला आहे, आणि तो मला एका बाईनं मनगट धरून शिकवला.

रुग्ण समोर आला की मी अजूनही एक श्वासभर थांबते. जखमेला हात लावण्याआधी त्याचा चेहरा बघते, आवाज ऐकते. बघणाऱ्यांना वाटतं, बाई विचार करताहेत. मी तेव्हा विचार करत नसते. तेवढा एक श्वास मी त्या माणसाला देवीच्या पदरात ठेवते, आणि मग कामाला लागते.